मीच सोडलं

लाबेंच्या कारखान्यातून कोणाला काढून टाकलं, असं सेंट ओमेर गावात आजवर कोणी ऐकलं नव्हतं. तिथून माणसं आपणहून जात. थोरले लाबे होते तेव्हापासूनची ही रीत. एखाद्याचा हात चालेनासा झाला, कंबर गेली, की मालक त्याला शुक्रवारी दुपारी ऑफिसात बोलवत, दार लावून घेत आणि दोन मिनिटं बोलत. मग तो माणूस बाहेर येई, हातमोजे काढून सगळ्यांदेखत दाराजवळच्या खिळ्याला अडकवी आणि मोठ्यानं म्हणे, "पुरे झालं बाबांनो. मी सोडतोय." करवती बंद होत. माणसं येऊन हात मिळवत. आता काही जण खरोखरच कंटाळून सोडत, दक्षिणेला जास्त पगारावर जात, तेही असंच म्हणत. त्यामुळे कोणी सोडलं आणि कोणाला सोडायला लावलं, हे दाराआडच राही. विचारायचं नसे. मालकाची एवढी मेहेरबानी गावानं कधी मोडली नव्हती.

त्या वर्षी बटाट्याची काढणी संपल्यावरच्या शुक्रवारी क्लोव्हिस थेरियोनं हातमोजे खिळ्याला अडकवले.

एकतीस वर्षं तो तिथं सीडरच्या लाकडाची छपरावर घालायची कौलं कापत होता. एका हातानं ओंडका करवतीवर सरकवायचा, दुसऱ्या हातानं सुटलेलं कौल उचलायचं, एक नजर टाकायची आणि भिरकावायचं. बिनगाठीचं डाव्या घसरणीत, गाठीचं उजव्या. मिनिटाला पस्तीस-चाळीस. डाव्या हाताची दोन बोटं त्यात गेली होती, पण त्याचं कोणाला काही वाटत नसे. करवतीवरच्या बहुतेकांची तेवढी गेलेली असतात.

"हिवाळा तोंडावर आलाय आणि हे महाराज नोकरी सोडून आलेत!" त्याची बायको जिनेट संध्याकाळी म्हणाली. ती गावच्या शाळेत स्वयंपाकीण होती. बोलताना तिच्या हातात कुट्टूच्या धिरड्यांचं पीठ ढवळायचा चमचा होता आणि तो ती क्लोव्हिसच्या नाकासमोर नाचवत होती. "काय झालं काय? पुन्हा नव्या करवतीवरून भांडलास हर्वेशी?"

"पुरे झालं होतं मला."

"पुरे झालं म्हणे! विशीतल्या पोरासारखा तोऱ्यात निघून आलास. सत्तावन्न वर्षांचा झालायस, कोण घेणार आता तुला?"

क्लोव्हिसनं ऐकून घेतलं. ती चिडली ते त्याला बरंच वाटलं. रागावलेल्या बायकोसमोर माणसाला ताठ बसता येतं.

दाराआड घडलं होतं ते वेगळंच. हर्वे लाबे, थोरल्या लाबेंचा मुलगा, कारखान्यात खेळत मोठा झालेला. त्याला करवतीला धार लावायला क्लोव्हिसनंच शिकवलं होतं. त्यानं टेबलावर कौलांचे चार गठ्ठे मांडले होते. दक्षिणेकडच्या गिऱ्हाइकानं अख्खी गाडी परत पाठवली होती. बिनगाठीचा म्हणून विकलेला माल, आणि निम्म्या कौलांत गाठी. गठ्ठ्यांवर शिक्का क्लोव्हिसच्या करवतीचा. "काका, हे बघा," हर्वे म्हणाला आणि एक कौल पुढं केलं. क्लोव्हिसनं ते हातात घेऊन पाहिलं, मग अंगठ्यानं चाचपलं, तेव्हा कुठं त्याला गाठ लागली. हर्वेनं तो अंगठा पाहिला आणि मान खिडकीकडं वळवली. त्यानंतर आत आणखी थोडं बोलणं झालं, पण ते क्लोव्हिस स्वतःशीसुद्धा आठवत नसे.

डोळ्यांचं त्यानं घरी सांगितलं नव्हतं. वर्षभरात नजरेच्या मधोमध एक धुरकट डाग बसला होता. ज्याच्याकडं बघावं तेच पुसलं जाई. गाडी तो ओळखीच्या रस्त्यावरच चालवी, तीही सावकाश. वर्तमानपत्र समोर धरून बसे आणि अंदाजानं पान उलटी.

"बेकारभत्त्याचा अर्ज कर," चार दिवसांनी जिनेटचा राग थोडा उतरल्यावर ती म्हणाली. "बुधवारी सरकारचा माणूस येऊन बसतो. एकतीस वर्षांत एकदाही मागितला नाहीस. हक्काचा आहे."

ग्रामपंचायतीच्या तळघरात टेबल टाकून तो माणूस बसला होता. राजधानीकडचा, तरुण, इंग्रजी बोलणारा आणि फार मोठ्यानं बोलणारा. समोर पंचवीस माणसांची रांग. शेतावरची माणसं, काढणी संपली की दरवर्षी येणारी. क्लोव्हिसच्या मागं आल्फी नादो उभा होता, ज्याच्या कानावर पडलेलं रविवारच्या प्रार्थनेपर्यंत चर्चमध्ये पोचलेलं असे.

"अरे वा, थेरियो! तूसुद्धा आमच्या पंक्तीला?" आल्फी म्हणाला.

"बायकोनं पाठवलं."

"आम्हाला काय पोपनं पाठवलंय?"

रांग हसली. क्लोव्हिसही हसला, कानशिलं तापली तरी. मग त्याचा नंबर आला. नाव, पत्ता, कारखाना. गावात सगळं फ्रेंचमध्ये चाले; इंग्रजीत त्याची जीभ अडखळे, म्हणून तो थोडक्यात उत्तरं देत होता.

"काम सुटण्याचं कारण?" टेबलावरच्या माणसानं विचारलं. "काढलं, काम संपलं, की तुम्ही सोडलं?"

मागं एकदम शांतता झाली, निदान क्लोव्हिसला तसं वाटलं. आल्फीचा श्वास त्याच्या मानेवर येत होता. क्लोव्हिसनं छाती पुढं काढली.

"मीच सोडलं."

"का?"

"पुरे झालं होतं."

"शाब्बास!" आल्फीनं त्याच्या पाठीत थाप मारली. त्या माणसानं आल्फीकडं पाहिलं, क्लोव्हिसकडं पाहिलं, काहीतरी विचारावं की नाही असा क्षणभर थांबला आणि लिहून घेतलं. तसाच कागद कारखान्याकडं गेला. हर्वेनंही रीतीप्रमाणं लिहून दिलं: आपणहून सोडले, उत्तम कामगार. क्लोव्हिसची शान राखली म्हणून त्याला त्या रात्री झोपही चांगली लागली असेल.

पत्र आलं तेव्हा जिनेट शाळेत होती. क्लोव्हिसनं ते खिडकीशी नेलं, तिरकं धरलं, डोळ्याच्या कोपऱ्यानं पाहिलं. वरचा ठळक शब्द तेवढा लागला: नाकारला. बाकी सगळ्या मुंग्या. त्यानं पत्राची घडी करून कोटाच्या आतल्या खिशात घातली.

"आलं का काही?" जिनेटनं संध्याकाळी विचारलं.

"वेळ लागतो म्हणे."

फोन करायचा तर नंबर त्या मुंग्यांत. त्यानं चौकशीला फोन करून नंबर विचारला आणि तोंडपाठ केला. स्वयंपाकघरातला भिंतीवरचा फोन तबकडीचा होता. भोकं बोटानं मोजून तो फिरवी. पहिले तीन दिवस फोन व्यस्तच लागला. जिनेट आठला गेली की तो खुर्ची ओढून बसे आणि दुपारपर्यंत तबकडी फिरवत राही. एकतीस वर्षं त्या वेळी त्याच्या कानांत करवत असे. आता टूं टूं ऐकत बसायचं. कोणी दार वाजवलं तर तो फोन ठेवून चुलीशी जाऊन उभा राही, काहीतरी करत असल्यासारखा. चौथ्या दिवशी फोन लागला, वाट बघायला लावणारी वाजंत्री तासभर वाजली, आणि मग एका बाईचा आवाज आला. दमलेला, पण वाईट नव्हे.

"पत्र आहे ना समोर? दुसऱ्या पानावर तिसरी ओळ वाचा बरं मला."

क्लोव्हिसनं पान उलटलं. "चष्मा गाडीत राहिलाय," तो म्हणाला.

"आणा. मी थांबते."

थांबते म्हणाल्यावर काय करणार? तो उठला. बाहेर बर्फाळ वारा सुटला होता. तो गाडीशी जाऊन उभा राहिला. गाडीत चष्मा नव्हता, त्याच्याकडं चष्माच नव्हता. उघड्या अंगणात, सदऱ्यावर, गाडीचं दार उघडून तो खोटंखोटंच सीटखाली हात फिरवत राहिला, न जाणो ती बाई तिथूनही बघत असेल. मग परत आला.

"सापडला नाही बाई."

"बरं," ती म्हणाली, जरा हळू. "मी वाचते. 'अर्जदाराने स्वेच्छेने काम सोडले असल्याने पात्र नाही.' तुम्ही तसं सांगितलं, मालकानंही तसंच लिहिलं. मग भत्ता मिळत नाही. मिस्टर थेरियो, तुम्ही खरंच सोडलंत?"

त्यानं पत्राची घडी केली, पुन्हा उलगडली.

"सोडलं असेल तर विषय संपला. काढलं असेल तर सुनावणी मागता येते. फोनवरच होते. तुम्ही, मालक आणि अधिकारी. आजच मागा, परवा मुदत संपते."

"मागतो," क्लोव्हिस म्हणाला.

"म्हणजे काढलं होतं?"

"सुनावणी लिहा."

सुनावणी गुरुवारी दहाला लागली. गुरुवारी दहा वाजता जिनेट शाळेत तीनशे ताटांची तयारी करत असे, म्हणून त्यानं हो म्हटलं. म्हणजे एवढंच उरलं होतं की हर्वेला आधी गाठून सांगायचं, बाबा रे, या वेळी खरं बोल.

मंगळवारी तो कारखान्यावर गेला. गाडी आत शिरताच सीडरचा वास आला. त्याच्या करवतीवर एक नवा माणूस होता. जुने सोबती हात हलवत होते. कोणते कोण, ते त्याला चालीवरून ओळखावं लागत होतं, म्हणून तो सगळ्यांनाच सारखं हसत होता.

"काका!" हर्वे धावतच आला. "सरपणाला तुकडे हवेत ना? अरे, भरा रे काकांची गाडी!"

दोघं जण तुकडे टाकायला लागले. नको म्हणायचं तर मग आलास कशाला, हे सांगावं लागलं असतं. क्लोव्हिसनं हर्वेला बाजूला घेतलं.

"गुरुवारी फोन येणार तुला."

"कागद आलाय. अजिबात काळजी करू नका." हर्वेनं त्याचा दंड धरला. "मी तुमच्या शब्दाबाहेर जाणार नाही. तुम्ही सोडलंत म्हणजे सोडलंत. अख्खं सरकार आलं तरी माझ्या तोंडून दुसरं निघायचं नाही."

त्याच्या डोळ्यांत पाणी होतं की नव्हतं, क्लोव्हिसला दिसलं नाही, पण आवाजात होतं. तुकडे टाकणारे दोघं थांबले होते. आता सांगावं, असं क्लोव्हिसच्या अगदी ओठावर आलं. अरे गाढवा, तुझ्या या चांगुलपणानंच माझ्या घरात हिवाळ्यात घर गरम ठेवायचं तेल येणार नाही.

"बरं," तो म्हणाला.

जिनेट घरी आली, अंगणात तुकड्यांचा ढीग बघून दारातच उभी राहिली. "लाथ मारून आलास ना त्या जागेला? मग आता तिथंच मागायला गेलास?"

"त्यांनीच दिले."

"मला तर तू कळेनासाच झालायस," ती म्हणाली, आणि या वेळी ती चिडलेली नव्हती. तेच त्याला लागलं.

बुधवारी बर्फ सुरू झालं आणि गुरुवारी सकाळी रेडिओवर शाळा बंद असल्याचं सांगितलं. क्लोव्हिसनं ते ऐकलं आणि हातातला कप खाली ठेवला. जिनेट झोपायच्या झग्यावरच एप्रन बांधून कांदा चिरत बसली, दिवसभर रस्सा शिजवायचा म्हणून. साडेनऊला तो म्हणाला, तुझ्या बहिणीकडं जाऊन ये. "या बर्फात? वेड लागलंय का?" पावणेदहाला तो म्हणाला, वरच्या खोलीतल्या गोधड्या झटकायच्या राहिल्यात. तिनं सुरी ठेवून त्याच्याकडं पाहिलं. दहाला फोन वाजला.

तो घेण्याशिवाय इलाज नव्हता. तार जेमतेम चार फूट. तो भिंतीकडं तोंड करून उभा राहिला.

सुनावणी घेणारी बाई होती, वयस्क, शब्द मोजून बोलणारी. तिनं दोघांना शपथ दिली. क्लोव्हिसनं उजवा हात वर केला. बघायला तिथं जिनेटशिवाय कोणी नव्हतं, आणि तिनं कांदा चिरणं थांबवलं.

"मिस्टर लाबे, थेरियो यांचं काम कसं सुटलं?"

"त्यांनी सोडलं, बाई." हर्वेचा आवाज लांबून आला. "असा माणूस मी कधी काढला नसता. माझ्या वडिलांच्या वेळचे आहेत ते. सबंध गाव साक्षीला आहे, त्यांनी स्वतः तसं सांगितलं."

"मिस्टर थेरियो, हे बरोबर आहे? तुम्ही तसं सांगितलंत?"

"हो. सांगितलं."

"मग ही सुनावणी कशासाठी मागितलीत?"

मागं रश्शाच्या झाकणाचा खडखडाट होत होता. जिनेटनं उठून झाकण बाजूला केलं. आता सगळं शांत होतं. क्लोव्हिसचं कपाळ भिंतीला टेकलं. शपथ घेतली नसती तर त्यानं फोन ठेवून दिला असता, आणि हिवाळा कसाही काढला असता, सरपण विकून, ससे धरून, कसाही.

"आमच्याकडं तसंच म्हणतात," तो म्हणाला. "काढलं तरी सोडलं म्हणतात. माणसाचं नाक राहावं म्हणून. त्यानं मला ऑफिसात बोलावून काढलं. त्याची चूक नाही. मला दिसत नाही."

"काय दिसत नाही?"

"गाठी. लाकडातल्या गाठी. आणि बाकीचंही. पत्रं दिसत नाहीत. माणसांची तोंडं दिसत नाहीत."

"काका," हर्वे म्हणाला, "असं नका बोलू."

"तू गप्प बस. शपथ घेतलीयस." क्लोव्हिसनं घसा खाकरला. "एक गाडी माल परत आला, तो माझा होता, बाई."

"याला गैरवर्तन म्हणत नाहीत, त्यानं भत्ता जात नाही," बाई म्हणाली. कागद उलटल्याचा आवाज झाला. "पण मग मला विचारावंच लागेल. भत्ता काम करू शकणाऱ्याला मिळतो. तुम्ही कोणतं काम करू शकता?"

"रचू शकतो. गाड्या भरू शकतो. झाडू शकतो." तो थांबला. "त्या दिवशीच मी त्याच्याकडं झाडू मागितला होता. करवत नको म्हटलं, भुसा झाडतो, पगार पोराचा दे. दोनदा मागितला."



"मिस्टर लाबे? त्यांनी दुसरं काम मागितलं होतं?"

"मागितलं होतं," हर्वे म्हणाला. तो रडत होता आणि ते लपवायचा प्रयत्न फार वाईट करत होता. "मला देववलं नाही, बाई. त्यांच्या हातात झाडू, सगळ्यांसमोर, मला बघवलं नसतं. मी म्हटलं, काका, मोजे अडकवा आणि मानानं जा."

"म्हणजे माणूस काम मागत होता, तुमच्याकडं काम होतं, आणि तुम्ही दिलं नाहीत."

"हो."

"याला काढणं म्हणतात, मिस्टर लाबे."

"हो, बाई. काढलं."

बाईनं आणखी दोन-तीन तारखा विचारल्या. निकाल लेखी येईल, पण मिस्टर थेरियो, भत्त्यासाठीचं दर आठवड्याचं कार्ड भरून पाठवणं थांबवू नका, मागच्या आठवड्यांचंही पाठवा, असं ती जरा ठासून म्हणाली. मग फोन बंद झाला. क्लोव्हिसनं तो खुंटीवर ठेवायला जागा चाचपली, ठेवला, आणि वळला.

जिनेट चुलीपाशी उभी होती. मागं खिडकीत बर्फाचा पांढरा उजेड, आणि त्यापुढं तिचा एप्रन, दंड, केसांचा अंबाडा. मधोमध जिथं तोंड असायला हवं तिथं डाग. पस्तीस वर्षं या बाईच्या ओठांच्या कोपऱ्यावरून त्यानं घरातलं हवामान ओळखलं होतं. आता बरोबर त्याच वेळी काही कळायला मार्ग नव्हता.

"कसं केलंयस तोंड?" त्यानं विचारलं.

"काय?"

"मला इथून दिसत नाही. कीव आली असेल तर आधीच सांग, म्हणजे मी बाहेर जातो."

रस्सा उकळत होता.

"इकडं ये," ती म्हणाली. "जवळ येऊन बघ."

तो गेला. टेबलाला वळसा घालून, हातानं कड धरत, आणि आता कड धरतोय हे लपवायचंही कारण उरलं नव्हतं. तिच्यासमोर वीतभरावर येऊन त्यानं मान तिरकी केली. तिचे डोळे लाल होते, कांद्यानं किंवा कशानं, पण ओठ घट्ट मिटलेले, हनुवटी पुढं, नाकपुड्या फुगलेल्या. ती अशी संतापलेली त्यानं लग्नानंतर दोनदाच पाहिली होती.

"हर्वेकडं झाडू मागायला तोंड होतं तुला," ती म्हणाली. "दोनदा. आणि मला एक पत्र वाचून दे म्हणायला नव्हतं?"

खाली मान घालावी असं त्याला फार वाटलं. पण मान हलवली असती तर ती पुन्हा दिसेनाशी झाली असती, म्हणून तो तसाच, तिच्याकडं बघत उभा राहिला.